पारूकाकीच्या कलमांखालचा तारा

माझ्या जीपमध्ये कायम चार लोखंडी सळया, वायरीची रिळं, एक मीटर आणि एक नारळ असतो. सळया, वायरी आणि मीटर जमिनीतलं पाणी शोधायला. नारळ गिऱ्हाइकासाठी. नुसता मीटर घेऊन गेलं की मालक पेटीकडे संशयाने बघतो आणि विचारतो, "ह्या रेडियोत पाणी दिसता?" म्हणून मी सगळं मोजून घेतो, जागा मनाशी पक्की करतो आणि मग नारळ तळहातावर आडवा ठेवून डोळे मिटून चालू लागतो. ठरलेल्या जागी आलो की हात असा थरथरतो की दशावतारातल्या राजानेही मान खाली घालावी. नारळ टुणकन उभा राहतो. का राहतो ते माझ्या अंगठ्याला ठाऊक.

पाण्याच्या जागा दाखवणं हा माझा धंदा. बोअर मारणारे वेगळे. ते दगड फोडतात, मी तोंडाची वाफ दवडतो. मालवणात मला दिनू मीटरवालो म्हणतात. काही जण आणखीही काही म्हणतात, पण ते दिवाळी अंकात छापण्यासारखं नाही.

काम तसं सोपं आहे. एका रेषेत चार सळया ठोकायच्या. बाहेरच्या दोन सळयांतून जमिनीत वीज सोडायची आणि आतल्या दोन सळयांवर मोजायचं, जमिनीने ती किती अडवली. सळया जितक्या लांब लांब, तितकं खोलचं कळतं. कोरडा कातळ वीज अडवतो, ओली जमीन जाऊ देते. घोटाळा एवढाच, की चिकणमातीही जाऊ देते आणि खारं पाणीही. मीटर सांगतो की खाली कोणीतरी दार उघडलंय. आत बसलेला पाहुणा कोण, हे तो सांगत नाही. ते मी सांगतो, आणि तिथेच गिऱ्हाइकं बुडतात.

विजयदुर्गच्या बाजूला खाडीकाठी एकाने पर्यटकांसाठी खोल्या बांधल्या होत्या. तिथे माझा मीटर असा नाचला की मी मालकाला मिठी मारली. "तळं आहे खाली, तळं!" बोअर मारली, पाणी धो धो आलं, आणि पहिला घोट घेऊन मालक समुद्राकडे बघू लागला. त्या पाण्यात कोळंबी आनंदाने संसार करू शकली असती. तो गृहस्थ अजूनही मला चहाला बोलावतो. म्हणतो, "साखर घेवन ये, मीठ आमच्याकडे आसा."

कुणकेश्वरला मुंबईहून निवृत्त होऊन आलेले एक काका होते. त्यांना पाणी हवं होतं, पण फक्त ईशान्येला. मीटर नैर्ऋत्येला बोट दाखवत होता. मी पाण्याची बाजू मांडली, त्यांनी वास्तूची. शेवटी ते म्हणाले, "तुमचा नारळ ईशान्येला उभा राहत नाही का?" राहिला. गिऱ्हाइकाच्या समाधानासाठी माझा नारळ कुठेही उभा राहतो. बोअर कोरडी गेली, पण काका समाधानी होते. दिशा बरोबर होती.

तर अशी कीर्ती पाठीशी असताना माझी गाठ एका ताऱ्याशी पडली.

मालवणहून आत, सडा म्हणजे कातळाचं पठार ओलांडून गेलं की एक वाडी लागते. तिचं नाव मी मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर उद्या तिथे सेल्फी पॉइंट होईल. चारी बाजूंनी बुटक्या टेकड्यांचं गोल कडं आणि मध्ये खोलगट सपाट जमीन, पेज पिऊन ठेवलेल्या वाटीसारखी. वाटीच्या तळाशी पारूकाकीची कलमांची बाग. काकी नात्याने माझी कोणी नाही, पण तिच्या हातच्या आंबोळ्या खाल्लेला प्रत्येक माणूस तिचा पुतण्या होतो. नवरा गेल्यापासून ती एकटीने काजूची आणि आंब्याची कलमं बांधते. काळ्या पिशव्यांत ओळीने मांडलेली कलमं पाऊसकाळाच्या तोंडावर विकली जातात. तोवर चैत्र-वैशाखात त्यांना रोज पाणी पाजावं लागतं, आणि नेमकी तेव्हाच तिची विहीर तळ दाखवते.

मुंबईतला मुलगा वसंत दरवर्षी फोनवर सांगायचा, "आई, पुरे झालं. जमीन कोणालातरी दे कसायला आणि इकडे ये." काकीला चौथ्या मजल्यावर बसून खिडकीतल्या कुंडीला पाणी घालायचं नव्हतं. पण त्या वर्षी तीही थकली होती. तिने मुलाला शब्द दिला होता, "औंदा कलमा जगली नायत तर येतंय."

आदल्या वर्षी मी तिला टेकडीच्या पायथ्याशी एक जागा दाखवली होती, नारळासकट. बोअर कोरडी गेली. आधी लाल धूळ आली, मग राखाडी, मग पांढरी, मग पुन्हा लाल, आणि शेवटी सगळ्या रंगांचे खडे एकदम. बोअरवाला म्हणाला, "साहेब, खाली कोणीतरी दगडांची भेळ करून ठेवलीय." मी गंभीर चेहऱ्याने "अपेक्षितच होतं" म्हणालो आणि जीपमध्ये बसलो. काकीने माझ्या पाठीमागे शांतपणे सांगितलं, "अपेक्षित होता तर माका आधी सांगूचा होता मरे."

पुढच्या चैत्रात एक डॉक्टर मॅडम आल्या. औषधांच्या नव्हेत, दगडांच्या. उपग्रहाच्या चित्रांत त्यांना ते टेकड्यांचं गोल कडं दिसलं होतं. इकडची जमीन कोणाला ठाऊक आहे, असं त्यांनी मालवणच्या रिक्षा स्टँडवर विचारलं. उत्तर मिळालं, "दिनूक विचारा. जिल्ह्यात सगळ्यात जास्त कोरडी भोका तेचीच आसत."

मॅडमनी मला जे समजावलं ते असं. फार फार पूर्वी, माणसाचा पत्ता नव्हता तेव्हा, आकाशातून एखादा प्रचंड दगड इथे आदळला असावा. लोणारला तसा आदळला, तिथे खड्डा उघडा आहे, तळं आहे. इथला खड्डा मात्र मागाहून माती, दगड आणि जांभा यांनी बुजला असावा. मध्यभागी त्यांच्या उपकरणावर जमीन किंचित हलकी भरते, कारण फुटलेला दगड अखंड दगडापेक्षा हलका. पण गोल खड्डे इतर कारणांनीही पडतात. खरा पुरावा एकच. खालच्या दगडातले गारगोटीचे कण सूक्ष्मदर्शकाखाली धरायचे. असा आघात झाला असेल तर त्यांत बारीक समांतर रेघा दिसतात. ज्वालामुखी, भूकंप, दरड, कोणीही तशा रेघा ओढू शकत नाही.

"म्हणजे खाली तारा आहे?" मी विचारलं.

"शक्यता आहे," मॅडम म्हणाल्या.

ही बाई 'शक्यता आहे' शिवाय वाक्य संपवत नसे. मी मात्र आयुष्यात हा शब्द गिऱ्हाइकापुढे काढलेला नव्हता. संध्याकाळी चहाच्या टपरीवर मी सांगितलं, "तारो आसा खाली." दुसऱ्या दिवशी रिक्षावाल्यांच्या ग्रुपवर तो तारा सोन्याचा झाला. तिसऱ्या दिवशी देवगडच्या एका माणसाने फोन करून विचारलं की ताऱ्याच्या जवळपास गुंठाभर जमीन मिळेल का.

मॅडमना वाटीच्या मधोमध खोल भोक घ्यायचं होतं. आमच्या बोअरच्या गाडीने दगडाचं पीठ होतं. त्यांचं यंत्र वेगळं, पोकळ पात्याने दगड कापत जातं आणि खालून दगडाची अखंड कांडी वर आणतं. मधोमध म्हणजे काकीची बाग. काकीने अट घातली, "मारा भोक. दगड तुमचो. पाणी लागला तर भोक माझा." मॅडमनी लगेच मान्य केलं.

पण एक परवानगी बाकी होती. ती मधली जमीन राखणदाराची, म्हणजे वाडीची राखण करणाऱ्या देवाची. बागेच्या कडेला त्याचा दगड आहे. तिथे खोल खणायचं तर ग्रामदेवाचा, रवळनाथाचा कौल घ्यावा लागतो. बाहेरच्या वाचकांसाठी सांगतो. गुरव ओल्या पाकळ्या, म्हणजे कळे, देवाच्या पाषाणाला डाव्या-उजव्या अंगाला चिकटवतो. गावचा मानकरी देवाला गाऱ्हाणं घालतो, म्हणजे प्रश्न विचारतो. उजवी पाकळी आधी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. आणि रीत अशी की एका वेळी एकच प्रश्न, तोही आटोपशीर.

मानकरी म्हणजे आप्पा. त्यांच्या तोंडात 'उल्का' बसेना, यंत्राचं नाव तर त्याहून नाही. त्यांनी वळून विचारलं, "दिनू, तू घालतंस गाऱ्हाणा?"

वाचकहो, माझ्यासारख्या माणसाला कोणी असं विचारू नये. सभामंडप भरलेला. मॅडम पहिल्या ओळीत, मोबाइल धरून. मी उपरणं सावरलं आणि आवाज लावला.

"बा देवा रवळनाथा म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" मंडप गरजला.

"आज ही लेकरा तुझ्या पायाशी इली आसत, तेंका सांभाळून घे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

त्या 'व्हय म्हाराजा'ची नशा असते हो. माणूस थांबूच शकत नाही. मी आकाशात शिरलो, ग्रहताऱ्यांची विचारपूस केली, काकीच्या कलमांवरून हात फिरवला, विज्ञानाचं कल्याण चिंतलं, आणि शेवटी टिपेला जाऊन म्हणालो, "ह्या जागेत आभाळातलो तारो पडलेलो आसात, ह्या मॅडमांनी भोक मारलेला तुका मान्य आसात, पारूकाकीच्या कलमांक पाणी मिळतला आसात, आणि राखणदाराची जागा सुखरूप रवतली आसात, तर उजवो कळो दी म्हाराजा!"

शेवटचा 'व्हय म्हाराजा' विरतो न विरतो तोच उजवी पाकळी टपकन पडली. गुरव बाबल्याने माझ्याकडे जरा विचित्र नजरेने पाहिलं. मी ते कौतुक समजलो.

देवळातून बाहेर पडताना प्रत्येकाच्या हातात वेगळा कौल होता. मॅडमना भोक मारायची परवानगी मिळाली होती. रिक्षा स्टँडला ताऱ्याचा दाखला मिळाला होता. आणि पारूकाकीला पाणी मिळालं होतं.

यंत्र आलं. ह्या यंत्राला पाणी लागतं. ते नळ्यांतून खाली सोडायचं, पातं थंड राहतं, आणि दगडाचा गाळ घेऊन पाणी पुन्हा वर येतं. तेच पुन्हा वापरायचं. टँकर सांगितला होता, पण उतारावर रस्त्याचं काम निघाल्याने तो अडकला. काकी म्हणाली, "माझ्या विहिरीतला घेवा. देव पाणी देता म्हणता, तर मी जुना राखून काय करू?"

मॅडम घाबरल्या. "काकी, पाणी लागेलच असं मी सांगू शकत नाही."

मी मॅडमच्या पाठीमागे उभा होतो. तिथून मी काकीला मान डोलावून, डोळे मिचकावून खुणावलं, लागतला, लागतला! काकीने मोटर चालू केली.

दगडाच्या कांड्या वर येऊ लागल्या. लाकडी खोक्यांत ओळीने मांडलेल्या, ओल्या, चकचकीत. काही अंतरावर जांभा संपला आणि तीच भेळ सुरू झाली. धारदार कडांचे तुकडे, एकमेकांत घुसलेले, राखाडी पिठात थिजलेले. मी आनंदाने ओरडलो. मॅडम भिंगातून बघत म्हणाल्या, "दरड कोसळूनही असा दगड होतो. रेघा दिसायला हव्यात. अजून खाली जाऊ."

आणि तिथे पाणी गायब झालं. वरून सोडत होतो, वर परत येत नव्हतं. भोक पीत होतं. यंत्रावरचा माणूस म्हणाला, "पाणी खातोय." आम्ही खायला घालत राहिलो. अडकलेला टँकर उशिरा पोचला, तोही गिळला. एका सकाळी काकीच्या विहिरीत डोकावलो तर तळाशी चिखल, त्यात एक बेडूक, आणि दोघंही माझ्याकडेच बघत होते. बागेत कलमांची कोवळी पानं माना टाकू लागली होती.

दुपारी देवळाच्या सभामंडपात माणसं जमली. आप्पांनी मला समोर उभं केलं.

"देवान उजवो दिलो. मगे पाणी खंय आसा?"

मी वकिली केली. म्हटलं, देवाने भोक मारायला होकार दिला असेल, पाण्याला नसेल.

"आणि तारो?" रिक्षावाला ओरडला.

"शक्यता आहे," मी म्हटलं. तोंडात शब्द कडू लागला.

"राखणदाराच्या जागेचा काय?"

शेवटी गुरव बाबल्या उठला. "अरे, देव खंयच्याच गोष्टीक व्हय म्हणाक नाय. हेचा भाषण संपण्यासारख्या दिसना. देवान कंटाळान कळो सोडल्यान, हो एकदाचो गप रवतलो म्हणान!"

मंडपाच्या कौलांना हादरे बसतील असं हसू फुटलं. मीही हसलो, कारण सवय. एकटी पारूकाकी हसली नाही.

"हसा," ती म्हणाली. "माझी कलमा थंय सुकतत."

हसू तिथल्या तिथे थांबलं. मॅडम उठून तिच्याजवळ गेल्या. अजून खाली गेलं तर त्यांना हवा तो दगड कदाचित मिळणार होता. त्यासाठी आणखी पाणी लागणार होतं आणि वाडीत ते नव्हतं. त्यांनी मला विचारलं, "तुम्हाला काय वाटतं? पाणी गेलं कुठे?"

नारळ जीपमध्ये होता. मी तो आणायला गेलो नाही. "मॅडम, पाणी शिरलं म्हणजे खाली भेगांत जागा आहे. जागा आहे तर इतक्या वर्षांचं पावसाचं पाणीही शिरलं असेल. पण त्यातलं तिथे किती टिकलं असेल, ते मला माहीत नाही."

मॅडम तडक बागेत परतल्या. मग यंत्रावरच्या माणसाला म्हणाल्या, "खाली जाणं बंद. भोक रुंद करा, पाइप घाला."

कॉम्प्रेसर लावून पाइपातून खाली हवा सोडली. पाइप गुरगुरला, खाकरला आणि पांढरट पाण्याचा लोंढा बाहेर पडला. वाडी नाचली. कोणीतरी मला उचललं, कोणीतरी जीपमधला माझा नारळ आणून त्या पाइपावरच फोडला. मी हवेत होतो, लोक माझं नाव घेत होते, आणि मला पुरतं कळत होतं की हे पाणी कोणाचं आहे. खरं सांगतो, आणखी थोडा वेळ हवेतच राहावंसं वाटत होतं. खाली उतरून मी काकीजवळ गेलो.

"काकी, ह्याच्यावर भरवसा ठेवू नको. हे आपण ओतलेलंच पाणी परत येतंय. तुझ्या विहिरीचं."

"म्हणजे माझाच पाणी माका?"

"होय."

काकीने पदराने कपाळ पुसलं. "मगे चलू दी मशीन. माझा संपला काय भोकाचा किती ता कळतला."

चलू दिलं. पांढरं पाणी पातळ झालं, धार बोटाएवढी झाली, मग फक्त फुरफुर हवा. मशीनवाल्याने बंद केलं. काकी उठून कलमांकडे गेली आणि पिशव्या एकेक करून फणसाच्या सावलीत सरकवू लागली. मग तिथूनच हाक आली, "दिनू, वसंताक फोन लाव रे. सांग तेका."

मी मोबाइल हातात घेऊन बसलो. नंबर समोर होता, बोट हलेना. आयुष्यात पहिल्यांदाच मला एक वाक्य सापडत नव्हतं.

चहा आला. तो पिऊन मशीनवाल्याने पाइप काढण्याआधी सहज एकदा कॉम्प्रेसर चालू केला. पाइप खाकरला, आणि पाणी आलं. पांढरं नव्हे, नितळ, किंचित तांबूस. कळशीभर येऊन थांबलं. मशीन बंद केली, वाट पाहिली, पुन्हा चालू केली. पुन्हा तेवढंच आलं. मी ओंजळ धरून तोंडात घेतलं. लोखंडाची चव. विहिरीच्या पाण्याला ती कधीच नव्हती.

काकीनेही घोट घेतला. जिभेवर घोळवून गिळला. "ह्या नया आसा," ती म्हणाली. मग भोकाकडे बघत म्हणाली, "गाय आसा ही. विसावो दिल्याशिवाय पान्हो सोडूची नाय. सकाळ-सांज पिळूची, तितक्या दूध देतली."

मी फोन लावला आणि तिच्या हातात दिला. ती वसंताला एवढंच म्हणाली, "मी येवचंय नाय."

सगळी कलमं वाचली नाहीत. पंप बसून वीज मिळेपर्यंत मी मालवणहून जीपमध्ये पिंपं भरून पाणी वाहत होतो, आणि वाटेत रिक्षावाले ओरडायचे, "पाणी दाखवणारो आता पाणी घालूक लागलो रे!" तरी जी जगली ती विकली गेली आणि काकी बागेतच राहिली. मॅडमच्या दगडांत काही कणांवर रेघा दिसल्या, पण पुसट. एका प्रयोगशाळेने मान डोलावली, दुसरीने हलवली. हवा तो दगड बहुधा त्या भोकाच्या खाली आहे आणि भोकात आता पंप आहे. मॅडमनी याबद्दल कधी कुरकुर केली नाही. कलमं मात्र दरवर्षी इथूनच नेतात.

ताऱ्याची बातमी ऐकून अजून लोक येतात. परवा एक बस भरून आली. मी पाइपाजवळ उभा राहिलो आणि सुरू झालो. आकाश फाटलं, दगड आला, समुद्र हादरला, डोंगर उडाले. मंडळी आ वासून ऐकत होती. मी टिपेला पोचणार एवढ्यात कलमांच्या ओळीतून पारूकाकीचा आवाज आला.

"दिनू, दूध काढून झाला. बटण बंद कर. गायीक विसावो दी, आणि तूय घे!"